छातीत गाठी आल्यात असा रिपोर्ट आला तर पुढं काय काय करायचं

आमच्या मोठ्या वहिनीच्या सीटी स्कॅनच्या रिपोर्टात ‘मल्टिपल एन्लार्ज्ड मेडियास्टायनल लिम्फ नोड्स’ असं लिहून आलं आणि दादाने घरी फोनवर त्याचं मराठी केलं, छातीत गाठी आहेत. झालं. संध्याकाळपर्यंत अख्ख्या बिल्डिंगमध्ये वहिनीला ब्रेस्ट कॅन्सर झाल्याची बातमी, कारण बाईच्या छातीत गाठ म्हटलं की आपल्याकडे एकच अर्थ निघतो. खालच्या मजल्यावरच्या काकू तर डबा घेऊन रडत वर आल्या. तेव्हापासून पुढचे चार महिने फाइल माझ्या हातात होती, मी डॉक्टर नाही पण प्रत्येक ठिकाणी बसून विचारून विचारून जे समजलं ते इथं क्रमाने लिहितोय, म्हणजे जे आज पहिल्यांदा असा रिपोर्ट हातात घेऊन बसलेत त्यांना निदान सुरुवात कुठून करायची ते कळेल. औषध कुठलं घ्यायचं ते मात्र तुमच्या डॉक्टरांनाच विचारा.

आधी हे बघा, थांबायला वेळ आहे की नाही

बहुतेक वेळा असतो. आठ-पंधरा दिवसांनी काही बिघडत नाही. पण चेहरा आणि मान सुजलीये, मानेच्या शिरा फुगून दिसतायत, आडवं झालं की श्वास कोंडतोय, श्वास घेताना शिट्टीसारखा आवाज येतोय किंवा खोकल्यातून बऱ्यापैकी रक्त पडतंय, यातलं काहीही असेल तर हा लेख बंद करा आणि सरळ मोठ्या हॉस्पिटलच्या कॅज्युअल्टीत जा. गाठ मोठ्या शिरेवर किंवा श्वासनलिकेवर दाबत असू शकते आणि तिथं तास मोजायचे असतात. आवाज दोन-तीन आठवडे बसलेलाच असेल तर ती इमर्जन्सी नाही, पण छातीच्या डाव्या बाजूने स्वरयंत्राची एक नस वळून जाते, तिच्यावर दाब आला की आवाज जातो, म्हणून ते डॉक्टरांना न विसरता सांगा.

या गाठी म्हणजे नक्की काय

दोन फुप्फुसांच्या मधे एक जागा असते, तिथं हृदय, श्वासनलिका, अन्ननलिका, मोठ्या रक्तवाहिन्या सगळं दाटीवाटीने बसलेलं असतं, त्या जागेला मेडियास्टायनम म्हणतात. तिथं सगळ्यांनाच लसिका ग्रंथी (रिपोर्टातले लिम्फ नोड्स ते हेच) असतात, तुम्हाला मला पण. घसा दुखला की जबड्याखाली जी गाठ हाताला लागते ना, तीच जात. जुना जकात नाका आठवा, फुप्फुसातून येणारा सगळा माल या नाक्यावर तपासला जातो आणि नाक्यावर गर्दी झाली म्हणजे मागं रस्त्यात कुठंतरी काहीतरी झालंय. म्हणजे गाठ सुजणं हे स्वतः आजाराचं नाव नाहीये. रिपोर्टवर ‘लिम्फॅडेनोपॅथी’ असा भला मोठा शब्द असतो तो वाचून लोकांना वाटतं हाच आजार, तर त्याचा अर्थ फक्त ‘ग्रंथी मोठ्या झाल्यात’ एवढाच.

रिपोर्ट कसा वाचायचा

पहिल्यांदा आकडा शोधा. ग्रंथी राजम्याच्या दाण्यासारखी असते, लांबट. तिची लांबी नाही, आडवी जाडी मोजतात, रिपोर्टात त्याला शॉर्ट अॅक्सिस म्हणतात. साधारण १० मिलिमीटरपर्यंत नॉर्मल धरतात, श्वासनलिका जिथं दोन फाट्यांत विभागते त्याच्या खालच्या म्हणजे सबकॅरायनल जागेला १२ पर्यंत सूट असते. ‘फ्यू सबसेंटिमेट्रिक नोड्स’ असं वाक्य आपल्याकडच्या पुष्कळ सीटीत सापडतं, त्याचा अर्थ १ सेंटिमीटरपेक्षा लहान काही ग्रंथी दिसल्या, आणि दुसरं काही नसेल तर त्यावर झोप उडवायची गरज नाही. दुसऱ्याच कारणासाठी सीटी काढली, त्रास काही नाही, आणि १५ मिलिमीटरच्या आतली साधी दिसणारी गाठ सापडली, तर बरेचदा डॉक्टर काहीच करत नाहीत किंवा काही महिन्यांनी परत बघू म्हणतात. हा आळशीपणा नसतो.

आकड्यापेक्षा वर्णन जास्त बोलतं. ‘फॅटी हायलम प्रिझर्व्ह्ड’ म्हणजे ग्रंथीच्या मधला चरबीचा भाग शाबूत आहे, हे चांगलं. ‘नेक्रोसिस’ किंवा ‘रिम एन्हान्समेंट’ म्हणजे आतून कुजलेली आणि फक्त कड चमकतेय, आपल्या देशात अशी गाठ दिसली की पहिला संशय टीबीचा. ‘कॉन्ग्लोमरेट’ म्हणजे गाठी एकमेकींना चिकटून गठ्ठा झालाय. ‘कॅल्सिफाइड’ म्हणजे चुना साठलेली, बहुतेक जुनी बरी झालेली जखम. ‘बायलॅटरल हायलर, सिमेट्रिकल’ म्हणजे दोन्ही फुप्फुसांच्या दाराशी सारख्या सारख्या, हे दिसलं की सारकॉइडोसिस नावाच्या आजाराचा (त्याबद्दल खाली) विचार होतो. आणि खाली शेवटी ‘इम्प्रेशन’मध्ये ‘कॉक्स’ लिहिलं असेल तर गोंधळू नका, ते कॉक म्हणजे रॉबर्ट कॉक, १८८२ साली टीबीचा जंतू शोधणारे, आपल्याकडचे डॉक्टर पेशंटसमोर टीबी शब्द टाळायला अजून त्यांचंच नाव लिहितात. ‘एकेटी’ (अँटी-कॉक्स ट्रीटमेंट) हे टीबीच्या औषधांचं नाव पण तिथूनच आलं.

एक्सरे नॉर्मल आलाय म्हणून गाठी नाहीत असं समजू नका, लहान गाठी एक्सरेत हृदयाच्या सावलीत लपतात. आणि सीटी कॉन्ट्रास्ट म्हणजे शिरेतून रंगासारखं औषध देऊन काढलेली असावी, त्याशिवाय रक्तवाहिनी कुठली आणि गाठ कुठली हे नीट कळत नाही. कॉन्ट्रास्टच्या आधी क्रिएटिनिन (किडनीची रक्ताची टेस्ट) तपासतात, डायबिटीसवाल्यांनी मेटफॉर्मिन चालू आहे ते तिथल्या माणसाला सांगायचं. आणि सेंटरमधून निघताना सीडी मागून घ्या. फिल्म देतात ती पुरत नाही, पुढचा प्रत्येक डॉक्टर सीडी मागतो आणि आपण मात्र फिल्मचं मोठं पाकीट काखेत घेऊन फिरत असतो.

डॉक्टरकडे जायच्या आधी एका कागदावर लिहून घ्या

जायचं छातीच्या डॉक्टरकडे म्हणजे पल्मोनॉलॉजिस्टकडे. ताप आहे का आणि कधी येतो, रात्री कपडे भिजतील असा घाम येतो का, सहा महिन्यांत वजन किती उतरलं (१० टक्क्यांहून जास्त असेल तर ते महत्त्वाचं), खोकला कधीपासून, घरात किंवा ऑफिसात कुणाला टीबी झाला होता का, तंबाखू-बिडी-सिगरेट, आधी कुठला कॅन्सर, फिटच्या गोळ्या चालू आहेत का (फेनिटॉइनने पण ग्रंथी सुजू शकतात), आणि काम काय करता. काम हा प्रश्न लोक हलक्यात घेतात. खडी क्रशर, दगडाची खाण, फरशी कटिंग, सँडब्लास्टिंग अशा ठिकाणी वर्षानुवर्षं धूळ खाल्लेली असेल तर सिलिकोसिस म्हणजे दगडाच्या धुळीने होणाऱ्या फुप्फुसाच्या आजारात याच ग्रंथी सुजतात आणि त्यांच्या कडेने अंड्याच्या टरफलासारखा चुना जमतो. राजस्थानातले दगडखाणीतले मजूर, खंभातचे अकीक घासणारे कारागीर यांच्यात हा आजार वर्षानुवर्षं चालत आलाय. वर सिलिकोसिसवाल्याला टीबी होण्याची शक्यता पण जास्त, म्हणजे एक सापडलं म्हणून दुसरं नाही असं होत नाही. तसंच गावाकडे चुलीपुढे आयुष्य गेलेल्या बायकांच्या ग्रंथींत काजळी साठते, बायोप्सीत नुसती काळी शाई लागल्यासारखं येतं. आईला ‘तू कधी धूम्रपान केलंस का’ असं विचारून ‘नाही’ असं उत्तर आलं म्हणून धूर विषय संपला असं नाही.

वहिनीच्या बाबतीत खरा धागा इथंच होता आणि तो आम्ही दोन महिने पाहिलाच नाही. तिला खोकला होता अडीच महिन्यांचा, पण त्याच्या आधी घोटे सुजून दुखायचे, त्यासाठी युरिक अॅसिडची टेस्ट झाली, आणि एक डोळा लाल व्हायचा, त्यासाठी मेडिकलवाल्याने दिलेले ड्रॉप्स. तीन तक्रारी, तीन वेगवेगळी दुकानं. छातीच्या डॉक्टरीणबाईंनी सीडी बघता बघता सहज विचारलं, ‘ताई, डोळे लाल होतात का हो?’ आणि आम्ही तिघं एकमेकांकडे बघायला लागलो. म्हणून सांगतो, छातीशी संबंध नाही असं वाटणारं पण कागदावर लिहा.

कारणं, आपल्याकडे ज्या क्रमाने डोक्यात यावीत त्या क्रमाने

टीबी पहिला. जगातल्या टीबी पेशंटांपैकी साधारण चौथा हिस्सा एकट्या भारतात आहे, त्यामुळे इथं पहिला संशय त्याच्यावर जाणं साहजिक आहे. गाठी बहुतेक एका बाजूला जास्त, श्वासनलिकेच्या उजवीकडे आणि फाट्याखाली, आतून कुजलेल्या. बारीक ताप, वजन कमी, भूक नाही. लहान मुलांत तर छातीतल्या गाठी हेच टीबीचं मुख्य रूप असतं, गाठीने श्वासनळी दाबली की पोरगं दम्यासारखं घुरघुरतं आणि घरचे पंपच देत बसतात. एक दिलासा, फुप्फुसात काही नसेल आणि फक्त गाठींचा टीबी असेल तर तो सहसा दुसऱ्याला लागत नाही, तेव्हा ताट-वाटी वेगळी करून माणसाला कोपऱ्यात बसवू नका.

सारकॉइडोसिस हा टीबीचा जुळा भाऊच म्हणा. यात जंतू नाही, शरीराची प्रतिकारशक्ती उगाच चिडते आणि ग्रंथींत, फुप्फुसांत, डोळ्यांत, कातडीत बारीक दाणे तयार करते, त्यांना ग्रॅन्युलोमा म्हणतात. टीबीत पण ग्रॅन्युलोमाच असतात. फरक असा की टीबीचे दाणे बरेचदा मधे चीजसारखे कुजतात, त्याला केसिएशन म्हणतात, सारकॉइडचे सहसा नाही. पण ‘बरेचदा’ आणि ‘सहसा’ या दोन शब्दांत कितीतरी पेशंटांचे सहा-सहा महिने वाया जातात, नको असलेली एकेटी खाण्यात.

लिम्फोमा म्हणजे ग्रंथींचाच कॅन्सर. तरुण मुलं-मुली, वीस-तिशीतली, छातीच्या पुढच्या भागात मोठा गोळा, रात्रीचा घाम, वजन, कधी नुसती अंगाला खाज. हॉजकिन्स प्रकारचा लिम्फोमा आज पुष्कळ जणांचा पूर्ण बरा होतो, पण त्यासाठी तो टीबी समजून अर्धं वर्ष घालवलेलं नसावं.

मग फुप्फुसाचा कॅन्सर, आणि दुसरीकडून पसरून आलेला, ब्रेस्ट, अन्ननलिका, थायरॉइड, किडनी वगैरे. यात एक गोष्ट लक्षात ठेवा, फुप्फुसात कॅन्सर आहे आणि ग्रंथी पण मोठ्या आहेत म्हणजे कॅन्सर ग्रंथींत गेलाच असं नसतं, त्या इन्फेक्शनने किंवा जुन्या टीबीने पण सुजलेल्या असू शकतात. ऑपरेशन होणार की नाही हे यावरच ठरतं, त्यामुळे नुसतं स्कॅन बघून ‘आता ऑपरेशन नाही’ असं कुणी म्हटलं तर ग्रंथीचा तुकडा तपासलाय का हे विचारायचा तुम्हाला हक्क आहे.

बाकीची किरकोळ वाटणारी पण खूप दिसणारी कारणं: नुकताच न्यूमोनिया होऊन गेलाय, हृदय कमजोर होऊन फुप्फुसात पाणी साठतंय, फुप्फुसाचा फायब्रोसिस. हृदयवाल्यांच्या गाठी पाणी उतरल्यावर लहान होतात, म्हणून एक टूडी इको म्हणजे हृदयाची सोनोग्राफी करून घ्यायला हरकत नसते. एचआयव्ही असेल तर सगळं गणितच बदलतं, म्हणून ती टेस्ट सांगितली की रागवायचं नाही, सगळ्यांनाच सांगतात. अमेरिकेत ओहायो-मिसिसिपीच्या खोऱ्यात राहणाऱ्या आपल्या पोरांना हिस्टोप्लाझ्मा नावाच्या बुरशीने अशा गाठी होऊ शकतात, तिथल्या मातीत, पक्ष्यांच्या आणि वटवाघळांच्या विष्ठेत ती असते. आणि उलट, तिथल्या डॉक्टरला आपण भारतात वाढलोय, घरात आजोबांना टीबी होता हे आपणहून सांगायचं.

रक्ताच्या टेस्ट कामाच्या किती

इशारा देतात, निकाल देत नाहीत. सीबीसी, ईएसआर, लिव्हर-किडनी, शुगर, कॅल्शियम, एलडीएच, एचआयव्ही एवढं साधारण होतं. मँटू टेस्ट म्हणजे हातावरचं इंजेक्शन आणि टीबी गोल्ड ही रक्ताची टेस्ट, दोन्ही फक्त एवढं सांगतात की टीबीचा जंतू कधीतरी शरीरात येऊन गेलाय, आणि आपल्याकडे तो कितीतरी निरोगी माणसांत येऊन गेलेलाच असतो. पॉझिटिव्ह म्हणजे टीबी झालाय असं नाही. उलट मँटू एकदम कोरी, म्हणजे हातावर काहीच उठलं नाही, आणि गाठी मात्र मोठ्या, तर ते थोडंसं सारकॉइडच्या बाजूने बोलतं. एसीई लेव्हल म्हणून एक टेस्ट सारकॉइडसाठी लिहितात, ती दुसऱ्या आजारांत पण वाढते आणि सारकॉइडमध्ये नॉर्मल पण येते, त्यामुळे तिच्या एकटीवर काही ठरवू नये. रक्तातून टीबीची अँटिबॉडी बघणाऱ्या जुन्या टेस्टवर तर सरकारने २०१२ मध्येच बंदी घातली आहे, कुणी सुचवली तर नाही म्हणा.

पेट स्कॅन बद्दल पण लिहितो कारण यावर सगळ्यात जास्त घाबरगुंडी होते. पेटमध्ये गाठ चमकली म्हणजे तिथं पेशी साखर जास्त खातायत एवढंच. कॅन्सर चमकतो, टीबी चमकतो, सारकॉइड पण झगमगतो. आपल्या देशात पेट बघून कॅन्सर आहे असं म्हणणं म्हणजे दिव्याचा उजेड बघून दिवाळी आहे की लग्न आहे हे सांगण्यासारखं. त्याचा खरा उपयोग तुकडा कुठल्या गाठीतून घेणं सोपं आहे हे शोधायला आणि कॅन्सर नक्की झाल्यावर किती पसरलाय ते बघायला.

तुकडा घ्यायच्या आधी मान चाचपा

ही फुकटातली पायरी आहे आणि बरेचदा राहून जाते. हंसळीच्या हाडाच्या वर, मानेत, काखेत एखादी गाठ लागतेय का बघायचं, हाताला लागली नाही तरी मानेची सोनोग्राफी करून घ्यायची. तिथं गाठ सापडली तर छातीत शिरायची गरजच उरत नाही, मानेतून सुईने किंवा छोटा छेद देऊन गाठ काढता येते, खर्च कमी, त्रास कमी, नमुना मोठा. कफ येत असेल तर कफाची सीबीनॅट म्हणजे टीबीचा जंतू ओळखणारी टेस्ट पण आधीच करून टाका, सरकारी टीबी केंद्रात ती मोफत होते.

ईबस

दादाला पहिल्यांदा वाटलं ई-बस म्हणजे बॅटरीवर चालणारी बस. तर ईबस म्हणजे तोंडातून श्वासनलिकेत घालायची दुर्बीण, जिच्या टोकाला सोनोग्राफीचा छोटा प्रोब असतो, त्याने भिंतीपलीकडची गाठ स्क्रीनवर दिसते आणि बघत बघतच आतून बारीक सुई टोचून नमुना घेतात. बाहेर कुठंही टाका नाही. बहुतेक ठिकाणी सकाळी जायचं संध्याकाळी घरी. साधारण ६ तास उपाशी, घशाला बधिर करायचा स्प्रे, झोपेचं इंजेक्शन, अर्धा-पाऊण तास काम. नंतर घसा बधिर असतो म्हणून दोनेक तास पाणीसुद्धा द्यायचं नाही, ठसका लागून श्वासनळीत जातं. वहिनीने चहासाठी एवढा तगादा लावला होता की सिस्टर हसायला लागल्या. त्या दिवशी गाडी चालवायची नाही. एखाद-दुसरा दिवस थुंकीत रक्ताची रेघ, घसा खवखवणं, बारीक ताप चालतो. छातीत दुखणं, दम लागणं, भरपूर रक्त किंवा न उतरणारा ताप आला तर लगेच फोन करायचा.

रक्त पातळ करायच्या गोळ्या, खास करून क्लोपिडोग्रेल, कधी बंद करायच्या ते आधी विचारा. स्वतःच्या मनाने बंद करू नका, स्टेंट बसवलेला असेल तर हार्टवाल्या डॉक्टरला पण विचारा.

ईबस सगळीकडे पोचत नाही. अन्ननलिकेच्या बाजूच्या खालच्या गाठींसाठी अन्ननलिकेतून तशीच दुर्बीण घालतात. पुढच्या भागातला मोठा गोळा असेल तर सीटीवर बघून बाहेरून सुई. आणि यातल्या कशानेच उत्तर मिळालं नाही तर मेडियास्टिनोस्कोपी, म्हणजे पूर्ण भूल देऊन गळ्याच्या खळगीत छोटा छेद, १९५९ पासून चालत आलेली पद्धत आहे आणि अजून पण उपयोगी पडते. लिम्फोमाचा संशय असेल तर सुईतून आलेल्या चार पेशींवर प्रकार ठरवता येत नाही, तिथं जाड तुकडाच लागतो, त्यामुळे ‘परत मोठी बायोप्सी करावी लागेल’ असं म्हटलं तर डॉक्टर पैसे काढतायत असं लगेच समजू नका.

बाटल्या

आता ज्या गोष्टीसाठी खरं तर हा सगळा लेख लिहायला घेतला ती. नमुना कुठल्या बाटलीत जातो ते ईबसच्या आधी विचारा, नंतर नाही.

फॉर्मालिनच्या बाटलीत टाकलेला तुकडा मायक्रोस्कोपखाली बघायला जातो. पण फॉर्मालिनमध्ये जंतू मरतात. मग त्याचं कल्चर, म्हणजे लॅबमध्ये जंतू वाढवून बघणं, होऊच शकत नाही. टीबीचं कल्चर आणि जीनएक्स्पर्ट म्हणजे सीबीनॅट यासाठी नमुना साध्या सलाइनमध्ये, ताजा जायला हवा. लिम्फोमाचा संशय असेल तर फ्लो सायटोमेट्री म्हणजे पेशींचा प्रकार ओळखायच्या टेस्टसाठी अजून वेगळी बाटली. पहिल्या हॉस्पिटलात वहिनीचा सगळाच्या सगळा नमुना एकाच फॉर्मालिनच्या बाटलीत घालून माझ्या हातात दिला, वर चिठ्ठी चिकटवलेली, जा म्हणे लॅबमध्ये देऊन ये. मी आज्ञाधारक बाळासारखा रिक्षात मांडीवर धरून घेऊन गेलो. आठ दिवसांनी रिपोर्ट आला, ग्रॅन्युलोमा आहेत, केसिएशन नाही, ‘क्लिनिकल कोरिलेशन’ करा. म्हणजे टीबी की सारकॉइड ते तुम्हीच बघा. कल्चर कुठंय विचारलं तर पाठवलंच नव्हतं. तिथल्या फिजिशियनचं मत पडलं, एकेटी सुरू करू, दोन महिन्यांत बरं वाटलं तर टीबीच होता. मला ते पटलं नाही, सारकॉइडच्या गाठी आपोआपही लहान होतात, मग बरं वाटल्यावर श्रेय कुणाला द्यायचं? उलटं पण तेवढंच धोक्याचं, आधी स्टेरॉइड देऊन बघू म्हणणारे पण भेटतात, आत टीबी असेल तर तो पसरतो आणि लिम्फोमा असेल तर गाठी तात्पुरत्या विरघळून बायोप्सीतसुद्धा नीट सापडत नाहीत. खोकल्यासाठी लिव्होफ्लॉक्सासिनसारखं अँटिबायोटिक सर्रास लिहून देतात ना, ते पण टीबीच्या जंतूला अर्धवट मारतं आणि निदान लांबवतं. नमुना घेईपर्यंत यातलं काहीही सुरू करायच्या आधी दोनदा विचारा, अर्थात पेशंट सिरियस असेल तर गोष्ट वेगळी.

तीन आठवड्यांनी दुसरीकडे परत ईबस केली. यावेळी मी आधीच विचारलं, आणि त्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, ‘बरं झालं विचारलंत, आमच्याकडे तीन बाटल्या असतातच.’ तिथं पॅथॉलॉजिस्ट शेजारीच मायक्रोस्कोप घेऊन बसलेले, नमुना पुरेसा आलाय का तिथल्या तिथं बघत होते, अशी सोय असेल तर हुकलेल्या सुईसाठी परत यावं लागण्याची शक्यता कमी होते. सलाइनची बाटली थेट लॅबमध्ये न्यायची, फ्रीजवर ठेवून जेवून मग जाऊ असं करायचं नाही. पावतीवर कल्चर लिहिलंय का तिथंच वाचायचं.

निकाल यायला किती वेळ

जीनएक्स्पर्टचं मशीन दोन तासांत उत्तर देतं, लॅबच्या रांगेसकट एक-दोन दिवस धरा. ते जंतू आहे का आणि रिफॅम्पिसिन हे टीबीचं मुख्य औषध त्याच्यावर चालणार का दोन्ही सांगतं. पॉझिटिव्ह आलं तर प्रश्न मिटला. निगेटिव्ह आलं तर मात्र टीबी नाहीच असं नाही, गाठींत जंतू कमी असतात, म्हणून कल्चरची वाट बघायची आणि लिक्विड कल्चर निगेटिव्ह म्हणायला ४२ दिवस लागतात. हे सहा आठवडे फार वाईट जातात. नातेवाईक रोज विचारतात अजून रिपोर्ट कसा आला नाही, दुसरी लॅब बघा. लॅब बदलून जंतू लवकर वाढत नाही.

बायोप्सीच्या रिपोर्टबद्दल शंका असेल तर ब्लॉक (मेणात जपून ठेवलेला तुकडा) आणि स्लाइड मागून दुसऱ्या पॅथॉलॉजिस्टला दाखवता येतात, कॅन्सरच्या बाबतीत तर पुष्कळ लोक मुंबईला टाटाला ब्लॉक घेऊन जातात. परत टोचून घ्यावं लागत नाही. आणि रिपोर्टात ‘रिअॅक्टिव्ह’ (ग्रंथी नुसती चिडून सुजलीये) किंवा ‘नो मॅलिग्नन्सी’ (कॅन्सर दिसला नाही) आलं तर एकच प्रश्न विचारायचा, नमुना पुरेसा होता का? पुरेसा नसलेला नमुना निगेटिव्ह आला यात काही आनंद नाही.

नाव कळल्यावर

टीबी निघाला तर सरकारी नोंद करावीच लागते, २०१२ पासून खासगी डॉक्टरला पण ती बंधनकारक आहे. औषधं सरकारकडून मोफत मिळतात, साधा टीबी असेल तर साधारण ६ महिने, आणि निक्षय पोषण योजनेत महिन्याला १००० रुपये खात्यात येतात (नोव्हेंबर २०२४ आधी ५०० होते), त्यासाठी बँक पासबुक घेऊन टीबी केंद्रात जायचं. हेल्पलाइन १८००-११-६६६६. लघवी केशरी होते ती रिफॅम्पिसिनने, घाबरू नका, पण डोळे पिवळे झाले, उलट्या थांबेनात तर गोळी घ्यायच्या आधी डॉक्टरला फोन. औषध चालू असताना मधेच गाठी मोठ्या होणं किंवा नवी येणं हेही होतं, मेलेल्या जंतूंवर शरीर चिडतं म्हणून, औषध चालत नाही असं समजून सोडून देऊ नका. कोर्स संपल्यावर छोट्या गाठी उरू शकतात, स्कॅनमध्ये त्या दिसल्या की लगेच कोर्स वाया गेला असं नसतं.

लिम्फोमा किंवा कॅन्सर निघाला तर पुढचा रस्ता ऑन्कॉलॉजिस्टचा, त्यावर मी लिहिणं बरोबर नाही. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत काय बसतं ते हॉस्पिटलातल्या आरोग्यमित्राला अॅडमिट व्हायच्या आधी विचारा, डिस्चार्जच्या वेळी नाही.

सारकॉइड निघाला तर डोळे आणि ईसीजी तपासायचे, त्रास नसला तरी, कारण हा आजार डोळ्यांत आणि हृदयात गुपचूप बसतो. कॅल्शियम बघायचं आणि डॉक्टरला न विचारता व्हिटॅमिन डी-कॅल्शियमच्या गोळ्या घ्यायच्या नाहीत, यात कॅल्शियम आधीच वाढलेलं असू शकतं. फक्त गाठी असतील आणि फुप्फुस स्वच्छ असेल तर बहुतेकांच्या गाठी औषधाशिवाय मावळतात, मग स्टेरॉइड देत नाहीत, नुसतं लक्ष ठेवतात.

वहिनीचं तेच झालं. ४३व्या दिवशी कल्चर निगेटिव्हचा रिपोर्ट आला, डोळ्यांचे योग्य ड्रॉप्स चालू झाले होतेच, गोळी एकही नाही. सहा महिन्यांनी एक्सरे घेऊन या, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या. दादाने घरी फोन केला आणि यावेळी नीट सांगितलं, ग्रंथी सुजल्यात, आपोआप उतरतील. खालच्या काकूंनी विचारलं, मग एवढे चार महिने हॉस्पिटलात काय केलंत?